घरात कोणी मोठं आहे का?

परवा कोथरूडला आईकडे गेले होते. दुपारी साडेतीनला बेल वाजली आणि दादानं दार उघडलं. बाहेर वॉटर प्युरिफायरच्या सर्व्हिसिंगचा मुलगा, फार तर बावीस-तेवीसचा. त्यानं दादाकडे पाहिलं. दादा त्याच्या खांद्याच्या पलीकडे, जिन्याच्या कठड्याकडे पाहत उभा. मुलानं मान वाकडी करून आत डोकावत विचारलं, "घरात कोणी मोठं आहे का रे?"

"आहे," दादा म्हणाला. "मी ३८ वर्षांचा आहे. बाबा ७१. आई ६८. तुम्हाला किती मोठं हवंय?"

तो उद्धटपणा करत नव्हता आणि विनोदही करत नव्हता. विचारलं त्याचं उत्तर दिलं, आणि उत्तर नेमकं व्हावं म्हणून पुढची चौकशी केली. पोरगा गडबडला. मग आई पदराला हात पुसत बाहेर आली आणि मोठं माणूस सापडल्यामुळे त्याचा जीव भांड्यात पडला.

दादा ऑटिस्टिक आहे. मराठीत 'स्वमग्न' हा शब्द रूढ आहे, पण मला तो कधी पटला नाही. स्वतःत मग्न असलेली माणसं मी पुष्कळ पाहिलीत, नातेवाइकांत तर जरा जास्तच. दादाचं लक्ष पंख्याच्या आवाजात असतं, फरशीच्या सांध्यांत असतं, पुस्तकाच्या कोपऱ्यात असतं. म्हणजे जगातच असतं की.

मी त्याच्याहून चार वर्षांनी लहान. त्याला दादा म्हणणारी मी एकटीच. आई 'बाळा' म्हणते, बाबा 'राजा', आणि बाकी सगळं गाव 'अरे'. त्याच्या कानशिलावरचे केस पांढरे झालेत, चाळिशीचा चष्मा लागलाय, तरी सोसायटीचा वॉचमन त्याला "चल रे, बाजूला हो" म्हणतो आणि माझ्या दहा वर्षांच्या मुलीला "ताई, सावकाश". मला हे फार लागतं. दादाला लागतं का, हे मला इतक्या वर्षांत कळलेलं नाही. विचारलं तर तो म्हणतो, "त्यांना माझं वय माहीत नाही."

१९९३ साली, तो सहा वर्षांचा असताना, एका डॉक्टरांनी कागदावर 'मतिमंद' लिहिलं. ऑटिझम हा शब्द आमच्या घरात १९९९ला आला. पण घरात आला तरी सरकारी कागदावर तो बसेना. १९९५च्या अपंग कायद्यात सात प्रकार होते, त्यांत ऑटिझम नव्हताच. म्हणून दादाचं प्रमाणपत्र मतिमंदत्वाचं. २०१६च्या कायद्यानं सातांचे एकवीस प्रकार केले, तेव्हा ऑटिझमला स्वतःची ओळ मिळाली. सरकारी नोकऱ्यांत ४ टक्के आरक्षण आलं. त्यातला १ टक्का ऑटिझम, बौद्धिक अक्षमता, अध्ययन अक्षमता, मानसिक आजार आणि बहुविकलांगता या सगळ्यांनी मिळून वाटून घ्यायचा. तोवर दादा २९ वर्षांचा झाला होता.

विशेष शाळा अठराव्या वर्षी संपते. मग कार्यशाळा. कार्यशाळा म्हणजे पणत्या, मेणबत्त्या, कागदी पिशव्या, पाकिटं. दादा सहा वर्षं गेला. ओला रंग बोटाला लागला की त्याला शिसारी येते, आणि सहा वर्षं त्यानं पणत्या रंगवल्या, कारण तिथे रंगवायला पणत्याच होत्या. महिन्याला अडीचशे रुपये विद्यावेतन. दिवाळीआधी कुठल्या तरी ऑफिसच्या खाली टेबल मांडायचं. लोक यायचे, "किती छान उपक्रम" म्हणायचे, डझनभर घ्यायचे. पुढच्या वर्षी कोणी येऊन "तुमची पणती झिरपत होती हो" असं म्हटल्याचं मला आठवत नाही. झिरपायची, मी लावून पाहिलीय. पण दयेचं गिऱ्हाईक तक्रार करत नाही. मुंबईत जुहूला २०१८पासून विकासात्मक अक्षमता असलेली प्रौढ मंडळी 'कॅफे अर्पण' चालवतात, तिथे हा प्रश्न आपोआप सुटलेला असणार. सँडविच बेचव निघालं तर माणूस कितीही हळवा असला तरी दुसऱ्यांदा जायचा नाही.

२०१३ साली एसएपी या जर्मन सॉफ्टवेअर कंपनीनं जाहीर केलं की २०२०पर्यंत आपल्याकडची १ टक्का माणसं ऑटिझम असलेली असतील. त्या बातमीची कात्रणं ऑटिस्टिक मुलांच्या पालकांच्या आमच्या गटात हातोहात फिरली. पुढचं वर्षभर जो तो आपल्या मुलाला कॉम्प्युटरच्या क्लासला घालत होता. जणू ऑटिझम म्हणजे आतून इंजिनिअर! दादाला टायपिंग आवडलं, प्रोग्रॅमिंगचा मात्र कंटाळा आला. कंटाळा यायचाही हक्क असतो हे तेव्हा आमच्या लक्षात आलं नाही.

तरी २०१६मध्ये त्याला नोकरी लागली. हिंजवडीला, स्कॅन केलेले फॉर्म आणि कॉम्प्युटरमधली नोंद ताडून पाहायचं काम. मुलाखतीत "स्वतःबद्दल सांगा" म्हटल्यावर दादानं विचारलं, "कशाबद्दल?" समोरच्या बाई हसून म्हणाल्या, "काहीही." त्यानं रक्तगट सांगितला. त्या बाई भल्या होत्या, म्हणून घेतलं. काम तो उत्तम करायचा. पण चूक सापडली की ती करणाऱ्याच्या टेबलापाशी जाऊन सगळ्यांदेखत मोठ्यानं सांगायचा, कारण चूक त्याची होती आणि तो तिथेच बसला होता. कोथरूड डेपोची बस वेळेवर येत नाही, हे त्याला शेवटपर्यंत पटलं नाही. रोज रात्री जेवताना तो त्या दिवशीची मिनिटं सांगायचा. आणि मग त्याचा वाढदिवस आला. टीमनं प्रेमानं ठरवलं की सरप्राइज द्यायचं. लाइट घालवले, तो आत आल्यावर लावले, वीस माणसं एकदम ओरडली, फुगा फुटला. दादा कानावर हात घेऊन जो पळाला तो पार्किंगमध्ये दोन गाड्यांच्या मध्ये सापडला. सात महिन्यांनी कंत्राट संपलं ते पुन्हा झालं नाही. कारण सांगितलं, 'टीममध्ये मिसळत नाही.'

२०१६च्या कायद्यात 'रीझनेबल अकोमोडेशन', म्हणजे गरजेप्रमाणे वाजवी सोय, असा शब्द आहे. ऐकायला मोठा खर्चिक वाटतो. दादाच्या बाबतीत तो खर्च एक हेडफोन आणि "उद्या चार वाजता केक आहे, लोक गातील" एवढ्या एका वाक्याचा होता. मी हे वाक्य तेव्हा कोणाला जाऊन सांगितलं नाही. मलाही ते तेव्हा सुचलं नव्हतं.

याच सुमारास मी डोनाल्ड ट्रिपलेटबद्दल वाचलं. १९४३ साली अमेरिकेत लिओ कॅनर या डॉक्टरांनी ज्या अकरा मुलांवरून ऑटिझमचं वर्णन लिहिलं, त्यातला हा पहिला मुलगा. मिसिसिपीतल्या फॉरेस्ट नावाच्या गावी राहिला, गावातल्या बँकेत ६५ वर्षं काम केलं, गोल्फ खेळला, एकटा देशोदेशी हिंडला. (पुढे २०२३ साली, ८९व्या वर्षी, तो वारला.) मी भारावून बाबांना ही गोष्ट सांगितली. त्यांनी शांतपणे विचारलं, "बँक कोणाची होती?" बँक त्याच्या आजोळची होती. "म्हणजे वशिला," बाबा म्हणाले आणि पेपर वाचू लागले.

पोस्टातली नोकरी अख्खी केलेल्या माणसाला असली गोष्ट लगेच कळते. पण मी त्यावर नंतर पुष्कळ विचार केला. वशिला कोणाला नसतो? माझी पहिली नोकरी मामाच्या मित्रानं सांगितली म्हणून लागली. फरक इतकाच की मी मुलाखतीत गोड हसू शकले, त्यामुळे तो वशिला दिसला नाही.

जून २०२२. करोनानंतर शाळा पुन्हा नेहमीसारख्या भरायला लागल्या होत्या. मुलगी दुसरीत. मी नऊ पुस्तकं आणि खाकी कागदाचा रोल आईकडे घेऊन गेले, आई आणि मी मिळून कव्हरं घालू म्हणून. चहा टाकून बाहेर आले तर दादानं चार घालून ठेवली होती. दोन्ही बाजूंनी चार-चार सेंटिमीटर, पट्टीनं मोजून. कण्याशी वर-खाली कातरून कागद आत दुमडलेला. पिन कुठेही नाही, कारण स्टेपलरचा आवाज त्याला सोसत नाही. ते कव्हर वर्षभर टिकलं. माझी कव्हरं गणपतीपर्यंत टिकत नाहीत.

शेजारच्या काकूंनी पाहिलं आणि नातवाची पुस्तकं आणून दिली. त्यांच्या सुनेनं सोसायटीच्या ग्रुपवर टाकलं. त्या जूनमध्ये २१० पुस्तकं झाली. दुसऱ्या वर्षी ७६०. दादा आणि बाबा आता एप्रिलअखेर अप्पा बळवंत चौकात जाऊन कागद आणतात, सकाळी दुकानं उघडता उघडता, कारण अकरानंतर तिथल्या गर्दीत दादा उभा राहू शकत नाही. दर एका पुस्तकाला १२ रुपये, कागद तुमचा असेल तर ८. लेबलवरचं नाव दादाच्या अक्षरात, छापल्यासारखं.

पहिल्या मोसमात माणसं कधीही यायची. रात्री नऊला, जेवताना, दुपारी झोपेच्या वेळी. "उद्या शाळा आहे हो, तेवढं करून द्या ना." दादा भिंतीला टेकून डोलायला लागायचा. आई सगळ्यांची समजूत घालून दमली. मग दादानंच एक कागद लिहून दाराला चिकटवला. 'पुस्तके सकाळी १० ते १२ या वेळेतच द्यावीत. तिसऱ्या दिवशी मिळतील. आधी मिळतील का, असे विचारू नये. नाव मराठीत की इंग्रजीत ते चिठ्ठीवर लिहून आणावे. चिठ्ठी नसल्यास पुस्तके घेतली जाणार नाहीत. बेल एकदाच वाजवावी. दुपारी १ ते ४ व रविवारी बंद.'

आई घाबरली. लोक काय म्हणतील? लोकांनी काय म्हणावं! त्यांनी फोटो काढले. "काय अस्सल पाटी आहे" म्हणाले. तळमजल्यावरचे आजोबा मुद्दाम जिने चढून वाचायला आले आणि 'बेल एकदाच वाजवावी' याला त्यांनी मनापासून दाद दिली. दादाच्या ज्या गोष्टीला थेरपिस्ट स्ट्रक्चर म्हणायचे आणि हिंजवडीत आडमुठेपणा म्हणायचे, तिला पुण्यात फक्त एक कागद आणि चिकटपट्टी लागली. या शहरात दुपारी दुकान बंद ठेवणाऱ्याला, गिऱ्हाइकाच्या नजरेला नजर न देणाऱ्याला आणि विचारलं तेवढंच बोलणाऱ्याला काय म्हणतात? जुना दुकानदार म्हणतात. दादा पहिल्यांदाच गावात बेमालूम मिसळला, तोही टीममध्ये न मिसळता.

२०२३ला मात्र मोठा पेच आला. बालभारतीनं बऱ्याच इयत्तांची पुस्तकं चार भागांत काढली, एकेका भागात सगळे विषय. दप्तराचं ओझं कमी व्हावं म्हणून. लेबलवर तर 'विषय' अशी ओळ असते. दादा ते पुस्तक हातात घेऊन अर्धा दिवस बसला. आईनं म्हटलं मोकळं सोड, बाबांनी म्हटलं 'भाग १' लिही. पण भाग हा विषय नाही. अखेर संध्याकाळी त्यानं 'सर्व' असं लिहिलं आणि मग सलग चाळीस पुस्तकं संपवली.

त्याच वर्षी पहिली तक्रार आली. तिसऱ्या मजल्यावरची एक आई दारात उभी राहून म्हणाली, "अहो, तुम्ही श्रीयाचं श्रेया लिहिलंय." मी आत भाजी निवडत होते. श्रीया-श्रेया माझ्या कानावरून गेलं, 'अहो' मात्र ऐकू आलं. दादानं चिठ्ठी काढून दाखवली. चिठ्ठीतच वेलांटी मात्रेसारखी दिसत होती. त्यानं लेबल बदलून दिलं, मग पाटीवर 'नाव सुवाच्य अक्षरात' अशी भर घातली आणि तो दिवसभर नाराज राहिला. मी दिवसभर खुशीत होते.

आता जमाखर्च, कारण 'भावाचा स्टार्टअप' म्हणून लोक माझ्याकडे फार चमकदार डोळ्यांनी बघायला लागलेत. जून-जुलैत हजारावर पुस्तकं. दिवाळीत जवळचं एक वाचनालय दिवाळी अंकांना प्लॅस्टिकची कव्हरं घालायला देतं. वर्षभर फाटक्या पुस्तकांची थोडी डागडुजी. कागद वजा जाता वर्षाचा नफा जेमतेम १९,०००. गिऱ्हाइकांशी बोलणारी, हिशेब तपासणारी, पाऊस आला की पिशव्या झाकणारी आई यात बिनपगारी आहे. तिचा पगार धरला तर धंदा बुडीत आहे. आणि ऑगस्ट ते ऑक्टोबर रिकामे दिवस आले की दादा कापून ठेवलेले कागद पुन्हा पुन्हा मोजतो. 'मुलगा उद्योजक' असं म्हणणाऱ्या कितीतरी घरांत उद्योजक खरं तर आईच असते. आमच्याकडे निदान ही पाटी त्याची आहे.

बाबांची भीती वेगळीच होती. तो कमवू लागला तर पेन्शन जाईल. केंद्र सरकारी कर्मचाऱ्याच्या दिव्यांग मुलाला आईवडिलांच्या माघारी आयुष्यभर कुटुंब निवृत्तिवेतन मिळतं, अट अशी की त्याला स्वतःचा चरितार्थ चालवता येत नसावा. म्हणजे मुलगा आयुष्यात काही करू शकला नाही, तरच तो आयुष्यभर सुरक्षित. यापायी मुलाला कुठेच कामाला न पाठवणारे दोन-तीन वडील मी स्वतः पाहिलेत आणि त्यांना नावं ठेवायची माझी हिंमत नाही. पूर्वी कमाईची मर्यादा महिना ९,००० आणि त्यावरचा महागाई भत्ता अशी होती. २०२१मध्ये ती वाढवून त्याला मिळू शकणाऱ्या पेन्शनइतकी केली, शेवटच्या पगाराच्या ३० टक्के अधिक महागाई. मी बाबांना आकडे मांडून दाखवले. दादाची कमाई त्याच्या जवळपासही जात नव्हती. बाबांना हायसं वाटलं. मला वाटलं नाही.

बँकेतही असंच. दादाच्या नावानं खातं उघडायचं होतं. १९९९च्या नॅशनल ट्रस्ट कायद्याखाली जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडून पालकत्वाचं प्रमाणपत्र मिळतं. एका शाखेनं तेच आणायला सांगितलं. आणलं असतं तर काम झटक्यात झालं असतं, पण मग खातं दादाचं असूनही सही बाबांची. २०१६च्या कायद्याचं १३वं कलम म्हणतं की आपले आर्थिक व्यवहार सांभाळायचा दिव्यांग माणसाला इतरांइतकाच हक्क आहे. आमच्या घरात यावर तीन आठवडे भांडण झालं. बाबा म्हणायचे, कलम घेऊन रांगेत उभं कोण राहणार? मी राहिले. तिसऱ्या शाखेतल्या साहेबांनी माझ्याकडे बघत विचारलं, "याला सही येते का?" दादानं तीन नमुने करून दिले. साहेबांनी ते एकमेकांशेजारी धरले, चष्मा काढला, परत घातला. तिन्ही सह्या झेरॉक्स काढल्यासारख्या होत्या. साहेबांची स्वतःची सही तशी येत नसावी.

मग 'उद्यम' नोंदणी, म्हणजे लहान धंद्यांची सरकारी नोंद. आधार कार्डावर, घरबसल्या, फुकट होते. मालकाच्या रकान्यात दादाचं नाव घातलं. वर्गवारी आली, सूक्ष्म. "सूक्ष्म म्हणजे किती?" दादानं विचारलं. मी तेव्हाच्या नियमाप्रमाणे सांगितलं, गुंतवणूक एक कोटीपर्यंत आणि उलाढाल पाच कोटींपर्यंत. त्यानं थोडा वेळ हिशेब केला आणि म्हणाला, "मग अजून जागा आहे."

मागच्या वर्षी त्या जागेचाच मोह झाला. एका शिकवणीवाल्यांनी ३०० पुस्तकांची ऑर्डर दिली, दहा दिवसांची मुदत. मी हो म्हटलं. मी, दादानं नाही. चौथ्या दिवशी फोन आला, उद्याच हवीत. मी दादाला तसंच सांगितलं. त्यानं हातातली पट्टी खाली ठेवली आणि तो तळहातानं कपाळावर मारून घेऊ लागला. दोन दिवस खोलीतून बाहेर आला नाही. उरलेली १४० पुस्तकं आई आणि मी रात्रभर जागून केली आणि दिली. त्यातली साठ मात्र चुकून आमच्याचकडे राहून गेली होती. दादा बाहेर आल्यावर त्यानं ती उघडून पाहिली, काही न बोलता आमची कव्हरं काढली आणि पुन्हा घातली. त्या माणसानं अर्धेच पैसे दिले. पाटीवर शेवटची ओळ तेव्हा आली, 'एका वेळी ३० पुस्तकेच घेतली जातील.' ती ओळ माझ्यासाठी आहे.

आमच्या पालकांच्या गटात एक ताई आहेत. त्यांचा मुलगा ३१ वर्षांचा, बोलत नाही, त्याला आंघोळीपासून मदत लागते. मी हे लिहिणार असं कळल्यावर त्या म्हणाल्या, "तुझ्या दादाचं लिही, छानच आहे. पण आता माझ्या घरी येणारा प्रत्येक जण विचारेल, तुमचा काय करतो?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्यांचा मुलगा संध्याकाळी गॅलरीत बसून मेट्रो मोजतो. वनाझकडे जाणारी आली की टाळी वाजवतो. त्याचे कोणी पैसे देत नाही, आणि द्यायलाच हवेत असंही मला वाटत नाही. पण जेवढा वेळ तो मोजतो तेवढा वेळ त्या स्वयंपाकघरात निर्धास्त असतात, हे त्यांनीच मला सांगितलं होतं.

सोसायटीतली मुलं दादाला 'कव्हरकाका' म्हणतात. वॉचमन अजून 'अरे'च म्हणतो.

या जूनमध्ये मुलीची १४ वह्या-पुस्तकं घेऊन गेले, साडेबाराला. दादानं दार उघडलं, घड्याळाकडे पाहिलं आणि पाटीवर बोट ठेवलं.

"दादा, अरे मी आहे."

"हो. बारापर्यंत."

दुसऱ्या दिवशी ऑफिसला उशीर करून साडेदहाला गेले. चिठ्ठी विसरले होते. आईनं मध्यस्थी केली म्हणून पुस्तकं घेतली गेली. तिसऱ्या दिवशी पिशवी मिळाली, वर पावती. १४ गुणिले १२, एकूण १६८.

"अरे बाळा, बहिणीकडून कोणी पैसे घेतं का?" आई आतून ओरडली.

दादा थोडा वेळ गप्प राहिला. "दर १२ आहे," तो म्हणाला. मी दोनशेची नोट दिली. त्यानं बत्तीस रुपये दोनदा मोजून माझ्या हातावर ठेवले. खाली जिन्यात थांबून मी पावती नीट पाहिली. क्रमांक ४१७, माझं पूर्ण नाव, आधी 'सौ.', आणि तळाशी त्या छापल्यासारख्या अक्षरात, 'पुढील वेळी चिठ्ठी आणावी.'